यान लागणे

मला गाडी लागते. ही गोष्ट मराठीत किती सभ्यपणे सांगता येते! माणसाने स्वतः काही केलेलं नसतं, गाडीच त्याला लागते. ठेच लागते, दृष्ट लागते, तशी. लहानपणी कऱ्हाडहून चिपळूणला आजोळी जाताना हेळवाक मागे पडलं की आई माझ्याकडे न बघताच हात मागे करून पिशवी द्यायची. त्याआधी आवळासुपारी, आल्याची वडी, हुंगायला लिंबू आणि 'लांब बघ, खाली बघू नको' हा मंत्र, असे सगळे उपचार होऊन गेलेले असायचे. घरात या विषयावर दोन पक्ष होते. आई म्हणायची, रिकाम्या पोटी गाडीत बसू नये. आत्या म्हणायची, भरल्या पोटी बसू नये. मी दोघींचा मान राखून अर्ध्या पोटी बसायचो आणि पोफळी यायच्या आत दोघींना खोटं पाडायचो.

त्यामुळे अंतराळवीर ही जमात माझ्या लेखी वेगळ्याच मातीची. ताशी २८,००० किलोमीटर वेग, दर नव्वद मिनिटांना पृथ्वीला एक फेरी, दिवसात सोळा सूर्योदय, आणि हे सगळं महिनोन् महिने. चिपळूणच्या वाटेवरचा कुंभार्ली घाट त्यापुढे काय! मग एके दिवशी जेक गार्न यांच्याविषयी वाचलं आणि जिवाला मोठा आधार वाटला.

गार्न हे अमेरिकेतल्या युटा राज्याचे सिनेटर. नासाच्या खर्चाला मंजुरी देणाऱ्या उपसमितीचे अध्यक्ष. आता अशा माणसाने 'मलाही एकदा न्या की वर' म्हटल्यावर नाही म्हणायची कुणाची छाती आहे? एप्रिल १९८५ मध्ये त्यांना 'डिस्कव्हरी' यानातून नेलं. गृहस्थ साधेसुधे नव्हते, नौदलात वैमानिक होते, विमान चालवण्याचे हजारो तास गाठीशी होते. तरी वर गेल्यावर त्यांना यान असं काही लागलं, की नासाच्या ह्यूस्टनच्या केंद्रात तेव्हापासून गमतीने एक मापच सुरू झालं. एक गार्न म्हणजे माणसाला जास्तीत जास्त जेवढी मळमळ होऊ शकते तेवढी. बाकीच्यांची मजल फार तर एक दशांश गार्नपर्यंत. न्यूटनच्या नावाने बल मोजतात, पास्कलच्या नावाने दाब मोजतात. त्या पंगतीत सिनेटरसाहेब हे असे जाऊन बसले.

पण मूळ मान त्यांचा नाही. तो गेरमान तितोव या सोव्हिएत वीराचा. गॅगारिनची स्वारी १०८ मिनिटांत आटोपली होती, तेवढ्यात काही व्हायला वेळच मिळाला नाही. ऑगस्ट १९६१ मध्ये तितोव दिवसभरापेक्षा जास्त वर राहिला. वय पंचवीस. अंतराळात झोपणारा पहिला माणूस तोच आणि उलटी करणाराही तोच. पाठ्यपुस्तकात यातला एकच विक्रम छापतात.

कारण साधं आहे. आपल्या कानाच्या आत चुनखडीचे सूक्ष्म कण असतात. ते वजनाने खाली ओढले जातात आणि मेंदूला 'खाली' कुठे आहे ते कळवतात. वर गेल्यावर कणांना वजनच वाटत नाही, त्यामुळे 'खाली' नावाची गोष्ट कान सांगेनासा होतो. डोळे म्हणतात हे छत, कान म्हणतो मला विचारू नका. घरातली दोन वडीलधारी माणसं अशी उलटसुलट बोलायला लागली की मधल्या माणसाच्या पोटात जे होतं तेच इथे होतं. दर तीन अंतराळवीरांतल्या साधारण दोघांना पहिले दोनतीन दिवस याचा त्रास होतो. लिंबू हुंगून भागत नाही, इंजेक्शन घ्यावं लागतं.

याची सवय व्हावी म्हणून जमिनीवर असताना एका विमानात बसवतात. ते विमान आकाशात डोंगर चढल्यासारखं चढतं आणि उतरल्यासारखं उतरतं. माथ्यावर वीसपंचवीस सेकंद सगळे तरंगतात आणि मग पुन्हा दुप्पट जड होऊन जमिनीला चिकटतात. हे एकदा नाही, लागोपाठ तीसचाळीस वेळा. नासाच्या लोकांनीच त्या विमानाला 'व्हॉमिट कॉमेट' असं नाव ठेवलंय, म्हणजे ओकारीचा धूमकेतू. मी तिकीटसुद्धा मागितलं नसतं.

निवडीचं प्रकरण तर वेगळंच. १९५९ मध्ये अमेरिकेने पहिले सात अंतराळवीर निवडले तेव्हा अंतराळात माणसाचं काय होतं हे कुणालाच माहीत नव्हतं, म्हणून डॉक्टरांनी सुचेल ते सगळं तपासलं. कानात गार पाणी ओतलं, फुगे फुगवायला लावले, शौचाचे नमुने इतके घेतले की उमेदवार जेरीस आले. हल्ली परीक्षा जास्त सूक्ष्म असते. जपानच्या अंतराळसंस्थेने उमेदवारांना एका बंद खोलीत ठेवून प्रत्येकाला कागदाचे हजार करकोचे घडी घालायला लावले होते. पहिला करकोचा आणि हजारावा करकोचा सारखाच रेखीव आहे का, की शेवटी शेवटी घाई झालीय, चोची वाकड्या झाल्यात, हे तपासणारे तपासत बसले. कंटाळ्यात माणूस कसा वागतो याची ती परीक्षा.

हे मी आत्याला वाचून दाखवलं. आत्याने चातुर्मासात लाख वाती वळल्यात. "हजार?" ती म्हणाली, "आणि त्या मुलांना खायला-प्यायला देत होते ना?" पुढे तिने या विषयात रस दाखवला नाही.

पैसे भरून जायचा मार्ग २००१ मध्ये उघडला. डेनिस टिटो हे साठ वर्षांचे अमेरिकी धनिक, दोन कोटी डॉलर मोजून रशियाच्या सोयूझमधून निघाले. नासाचा याला कडाडून विरोध. अंतराळस्थानक अजून बांधून पूर्ण झालेलं नाही, गवंडी-सुतार आत आहेत, आणि तुम्ही पाहुणा आणता? टिटो ह्यूस्टनला सरावासाठी गेले तर त्यांना दारातूनच परत पाठवलं. तेव्हा बरोबरच्या दोघा रशियनांनीही 'तो नाही तर आम्ही नाही' म्हणून सरावाला नकार दिला. वऱ्हाडातल्या एकाला पंगतीतून उठवलं की सगळं वऱ्हाड उठतं, तसं. शेवटी समझोता झाला. टिटोंनी लिहून दिलं की माझ्या हातून काही मोडलं तर मी भरून देईन, आणि अमेरिकी भागात कुणी सोबत असल्याशिवाय पाऊल टाकणार नाही. आपल्याकडे लहान मुलाला दुसऱ्याच्या घरी नेताना आई हेच दोन नियम घालते, फक्त तेवढ्यासाठी दोन कोटी डॉलर घेत नाही.

सोयूझमध्ये बसायचं तर आधी तुमच्या पाठीचा साचा काढतात. अंगावर पातळ कपडे घालून ओल्या प्लास्टरमध्ये पडून राहायचं, ते सुकलं की तुमच्या पाठीच्या मापाची बैठक तयार. परतताना यान जमिनीवर जे आदळतं त्यात पाठ शाबूत राहावी म्हणून ही सोय. टेकायच्या आधी, जमीन हातभर-दीड हातभर राहिली असताना, खालची छोटी रॉकेटं पेटतात. याला अधिकृत भाषेत हळुवार अवतरण म्हणतात; बसलेले लोक त्याची तुलना मोटारीच्या अपघाताशी करतात.

मात्र या बैठकीत एक गोम आहे. वर गेल्यावर मणक्यांवरचा भार जातो आणि माणूस उंच होतो. जपानच्या नोरिशिगे कानाई यांनी जानेवारी २०१८ मध्ये वरून जाहीर केलं की तीन आठवड्यांत माझी उंची नऊ सेंटिमीटर वाढलीय, आता परतीच्या बैठकीत मावेन की नाही याची काळजी वाटते. जगभर बातमी झाली. रशियन कप्तानाला शंका आली, त्याने पुन्हा मोजायला लावलं. वाढ निघाली दोन सेंटिमीटर. कानाईंनी जगाची माफी मागितली. दाराच्या चौकटीला टेकवून, डोक्यावर वही आडवी धरून पेन्सिलने रेघ मारणाऱ्या सगळ्या आयांना हे माहीत आहे की पोरं टाचा उचलतात. तिथे तर टाचा टेकवायला जमीनच नाही.

अंतराळात विज्ञानाच्या खालोखाल रीतभात आहे. रशियाची यानं जिथून उडतात त्या बैकानूरला उड्डाणाच्या आदल्या रात्री 'व्हाइट सन ऑफ द डेझर्ट' हा एकच सिनेमा सगळे बघतात. जाण्याआधी एक झाड लावायचं. धर्मगुरू येऊन रॉकेटवर पवित्र पाणी शिंपडतात. रॉकेट रेल्वेने तळावर आणतात तेव्हा जाणाऱ्यांनी ते बघायचं नाही, अपशकुन होतो. म्हणजे मंगलाष्टकं संपेपर्यंत अंतरपाट. आणि सर्वांत महत्त्वाची रीत गॅगारिनची. १९६१ मध्ये तळाकडे जाताना त्याने बस थांबवली आणि उजव्या बाजूच्या मागच्या चाकावर लघवी केली. तो सुखरूप परत आला, म्हणून पुढचे पुरुष अंतराळवीर हे व्रत चालवत आले. त्यासाठी काळजीपूर्वक चढवलेला, गळत नाही ना हे तपासलेला पोशाख पुन्हा सैल करायचा. आपल्याकडे हे व्रत मुंबई-गोवा रस्त्यावर गेली कित्येक दशकं श्रद्धेने पाळलं जातंय, पण त्यातून कुणी अंतराळात गेल्याचं ऐकिवात नाही.

अमेरिकनांनी हसू नये. गॅगारिननंतर तीन आठवड्यांनी, ५ मे १९६१ ला, त्यांचा ॲलन शेपर्ड निघाला. प्रवास पंधरा मिनिटांचा, म्हणून पोशाखात काही सोयच केलेली नव्हती. उड्डाण लांबत गेलं, तो तासन् तास आडवा पडून राहिला, आणि शेवटी परवानगी मागून त्याने पोशाखातच उरकलं. चाक परवडलं.

मुहूर्त लांबण्याचं दुःख अंतराळस्थानकावर जाऊन आलेल्या आपल्या शुभांशू शुक्लांना चांगलं ठाऊक आहे. २९ मे २०२५ ला निघायचं ठरलं होतं. कधी हवा बरी नाही, कधी रॉकेटमधून ऑक्सिजन गळतोय, कधी वर स्थानकाच्या रशियन भागात दुरुस्ती चाललीय. असं करत २५ जून उजाडला. तोपर्यंत ते आणि त्यांचे तिघे सोबती महिनाभर विलगीकरणात. हळद लागलेला नवरा महिनाभर घरात बसवून ठेवलाय आणि मंडप रोज पावसाने उडतोय, अशी ती अवस्था. यानात वजनरहित झाल्याची खूण म्हणून त्यांनी एक छोटा खेळण्यातला हंस नेला होता, 'जॉय' नावाचा. तो तरंगला की समजायचं, पोचलो. ट्रकला लिंबू-मिरची असते तिथेच साधारण त्याची जागा.

शुक्लांबरोबर गाजर हलवा, मूगडाळीचा हलवा आणि आमरस गेला होता. ही बातमी मात्र आत्याने चष्मा लावून स्वतः वाचली.

"हापूसचा का?"

"ते लिहिलं नाहीये."

"आणि पुऱ्या?"

पुऱ्या नव्हत्या. आमरस वाटीत ओतता येत नाही, वाटीत राहणार नाही. पुरी बुडवायला जावं तर रसाचा गोळाच पुरीबरोबर वर येणार. पाकिटातून घ्यायचा. आत्या बराच वेळ गप्प राहिली. चारशे किलोमीटर उंचीवर, म्हणजे मुंबईहून कोल्हापूर जरा ओलांडून, एक भारतीय मुलगा पुरीशिवाय आमरस खातोय, हे चित्र तिला बघवत नसावं.

राकेश शर्मांच्या वेळीही, एप्रिल १९८४ मध्ये, म्हैसूरच्या संरक्षण खात्याच्या प्रयोगशाळेने रव्याचा हलवा, आलू-छोले आणि पुलाव करून दिला होता. म्हणजे अंतराळात भारताच्या दोन स्वाऱ्या झाल्या आणि दोन्ही वेळा शिरा म्हणा, हलवा म्हणा, बरोबर होताच. सत्यनारायण घडला नाही एवढंच.

अन्नाच्या बाबतीत एका गोष्टीचं श्रेय मात्र आपण उघडपणे घ्यायला हवं. मार्च १९६५ मध्ये अमेरिकी अंतराळवीर जॉन यंगने पोशाखाच्या खिशातून एक सँडविच लपवून नेलं आणि वर गेल्यावर सोबत्यापुढे धरलं. चावा घेताच पावाचा चुरा उडायला लागला. चुरा खाली पडत नाही हीच तर अडचण. तो हवेत फिरतो, यंत्रांत शिरतो, नाकाडोळ्यांत जातो. सँडविच गुपचूप पुन्हा खिशात गेलं, पण प्रकरण अमेरिकी संसदेत गाजलं. पुढे वीस वर्षं अमेरिका पावाशी झगडत राहिली. १९८५ मध्ये मेक्सिकोचे रोदोल्फो नेरी वेला यांनी जाताना टोर्टिया मागितल्या, आणि सगळ्यांच्या डोक्यात प्रकाश पडला. टोर्टिया म्हणजे काय? पोळी! चुरा नाही, घडी घालता येते, भाजी आत गुंडाळता येते. तेव्हापासून अंतराळात पोळी चालते. शाळेच्या डब्यात पोळी-भाजीचा रोल घेऊन गेलेल्या आणि त्यामुळे सँडविचवाल्यांसमोर लाज वाटलेल्या माझ्या पिढीला हे कुणी वेळेवर सांगितलं असतं तर!

आणखी एक. वर गेल्यावर पायातलं पाणी डोक्याकडे चढतं. चेहरा सुजतो, पाय काडीसारखे होतात, नाक चोंदतं. सर्दीत जेवण बेचव लागतं तसं तिथे कायम लागतं, त्यामुळे अंतराळवीर झणझणीत काहीतरी मागत राहतात. तिखट सॉसच्या बाटल्यांवर त्यांचा फार जीव. कोल्हापूर जेवढं लांब साधारण तेवढ्याच उंचीवर स्थानक फिरतंय, ठेचा पोचवायला हरकत नाही.

आता जो विषय प्रत्येकाला विचारायचा असतो पण सभेत हात वर करून कुणी विचारत नाही, त्याकडे येऊ. संडास. स्थानकावर पाणी ओतून काही होणार नाही, सगळं हवेच्या झोताने ओढून घ्यावं लागतं. बसायची जागा घरच्यासारखी नाही. भोक वीतभरापेक्षाही लहान. त्यामुळे नेम महत्त्वाचा. ह्यूस्टनला यासाठी सरावाचा एक संडास होता. त्यात खालून वर बघणारा कॅमेरा बसवलेला होता आणि समोर पडदा. उमेदवाराने बसायचं, पडद्यावर स्वतःचं दर्शन घ्यायचं, आणि मांड्यांची ठेवण लक्षात ठेवायची. लढाऊ विमानं उतरवलेली माणसं तिथे गंभीरपणे बसून मध्यरेषा जुळवत असत. स्वतःची ही बाजू आयुष्यात कधी बघावी लागेल असं त्यांच्यातल्या कुणालाही नोकरीचा अर्ज भरताना वाटलं नसेल.

हा सराव कशासाठी, ते १९६९ च्या अपोलो १० च्या संभाषणात वाचायला मिळतं. तेव्हा संडास नव्हताच, चिकटपट्टीच्या पिशव्या होत्या. चंद्राच्या स्वारीवर असलेले तीन थोर पुरुष, आणि हवेत एक वस्तू तरंगत येते. कप्तान रुमाल मागतो. मग ती कुणाची यावर चर्चा. तिघेही आपली नाही म्हणतात. हा सगळा संवाद सरकारी दप्तरात टाइप करून ठेवलेला आहे. चंद्राभोवती फिरतानासुद्धा माणूस पहिलं वाक्य तेच म्हणतो, जे चाळीतल्या सामायिक संडासासमोर म्हणतो: मी नाही बुवा.

२०२० मध्ये वर नवा संडास पाठवला, खर्च २ कोटी ३० लाख डॉलर. मूत्र, घाम, श्वासातली वाफ, सगळ्यातून पाणी गाळून ९८ टक्क्यांपर्यंत परत मिळवतात. आजची कॉफी उद्याची कॉफी होते, असं तिथले लोक हसत सांगतात. आणि ही यंत्रणा किती महत्त्वाची आहे हे सुनीता विल्यम्सना विचारावं. ५ जून २०२४ ला त्या आणि बुच विल्मोर आठेक दिवसांसाठी निघाले. निघता निघता निरोप आला की वर मूत्र शुद्ध करणाऱ्या यंत्राचा पंप बिघडलाय, नवा पंप न्यायचाय, जागा करा. जागा कशी केली? दोघांच्या कपड्यांच्या बॅगा खाली उतरवल्या. आठच दिवस तर आहेत! पुढे यानात बिघाड निघाला, आठाचे २८६ दिवस झाले, आणि सुरुवातीचे कित्येक आठवडे या दोघांनी स्थानकावरच्या राखीव कपड्यांवर काढले. दोन दिवसांसाठी म्हणून आलेले आणि दिवाळी करून गेलेले पाहुणे प्रत्येक घराला माहीत आहेत. तेही बॅग आणत नाहीत, यजमानाचाच पायजमा घालतात. पण ते येताना पंप आणत नाहीत.

लांब राहायचं नसेल त्यांच्यासाठी २०२१ मध्ये दहा मिनिटांची सहलही निघाली. सर्रकन वर, सर्रकन खाली. अंतराळ कुठे सुरू होतं यावर मात्र एकमत नाही. अमेरिका म्हणते साधारण ऐंशी किलोमीटरवर, बाकीचे बरेच जण म्हणतात शंभरावर. दादरहून मोजलं तर एकाचं अंतराळ लोणावळ्याला लागतं आणि दुसऱ्याचं कामशेतच्या आसपास. २० जुलै २०२१ ला जेफ बेझोस आपल्या रॉकेटमधून असे गेले आणि चिक्कीसुद्धा न घेता परत आले. पण त्या फेरीत वॉली फंक होत्या. वय ब्याऐंशी. साठ वर्षांपूर्वी पुरुष अंतराळवीरांच्याच चाचण्या त्यांनी पार केल्या होत्या, आणि बाई म्हणून त्यांना पुढे नेलं नव्हतं. साठ वर्षांनी तीनचार मिनिटं तरंगायला मिळाली. खाली उतरल्यावर त्यांची तक्रार होती, की आत चौघांना जागा पुरली नाही, अजून कोलांट्या मारायच्या होत्या. मला या बाई फार आवडल्या. त्यांना यान लागलं नाही.

परत आल्यावर वर लागलेली सवय काही दिवस सुटत नाही. शुक्ला पृथ्वीवर परतले तेव्हा फोन हातात धरला तर तो जड लागला. मग एकदा पलंगावर बसून लॅपटॉप मिटला आणि सवयीने बाजूला हवेत सोडून दिला. खाली गालिचा होता म्हणून वाचला. आमच्याकडे वस्तू हवेत सोडणाऱ्याला यासाठी अंतराळात जावं लागत नाही, आणि गालिचा नसतो.

गेल्या महिन्यात आम्ही चिपळूणला गेलो. भाड्याची मोटार, पुढे ड्रायव्हरशेजारी आत्या, मागे मी आणि बारा वर्षांचा भाचा. त्याला मी निघायच्या आधी गार्नची गोष्ट मोठ्या अभिमानाने सांगून ठेवली होती, ती चूक. हेळवाक मागे पडलं. मी लांब बघत होतो, खाली बघत नव्हतो. तिसऱ्या वळणावर भाच्याने वही काढली.

"मामा, किती गार्न?"

तोंड उघडणं धोक्याचं होतं. मी दोन बोटं दाखवली.

"शून्य पूर्णांक दोन?"

पुढच्या वळणावर मी पाचही बोटं दाखवली. त्याने नोंद केली. पुढून आत्याने मागे वळून न बघता पिशवी धरली आणि ड्रायव्हरला म्हणाली, "जरा हळू घ्या हो. ह्याला अंतराळ लागलंय."